वाऱ्याचा आवाज संथ केला तर

फ्रान्सच्या पश्चिम टोकाला ब्रिटनी नावाचा प्रांत आहे आणि त्याच्या किनाऱ्यासमोर बेल-ईल हे बेट. झाँ एप्स्टाइन या दिग्दर्शकाने १९४७ साली या बेटावर बावीसेक मिनिटांचा एक लघुपट केला, 'ल टाँपेस्तेर'. टाँपेस्तेर म्हणजे वादळाला आवर घालणारा मांत्रिक. गोष्ट चार ओळींत संपते. एका कोळ्याचं लग्न ठरलेलं आहे. तो मासेमारीला जातो, वारा वाढतो, घराचं दार आपोआप उघडतं आणि ठरलेल्या नवरीच्या मनात पाल चुकचुकते. ती दीपगृहावर जाऊन विचारते. तिथल्या माणसांकडे यंत्रं आहेत, पण वादळ थांबवण्याचं यंत्र नाही. मग ती एका म्हाताऱ्याच्या झोपडीत जाते. म्हातारा काचेच्या गोळ्यावर फुंकर घालतो, गोळ्यात समुद्र दिसतो, समुद्र निवतो, गोळा पडून फुटतो आणि पोरगा सुखरूप परत येतो.

एवढ्या गोष्टीसाठी ही फिल्म आज कुणी बघणार नाही. ती बघतात, खरं तर ऐकतात, ती वाऱ्यासाठी. एप्स्टाइनने वाऱ्याचा आणि लाटांचा आवाज ध्वनिमुद्रित केला आणि मग त्याचा वेग कमी करून फिल्मवर चढवला. त्यामुळे समुद्र ओळखीचा राहत नाही. नुसत्या 'सूऽऽ'च्या जागी कण्हणं ऐकू येतं, दार घासल्यासारखं काहीतरी, मध्येच एखादा दीर्घ सुस्कारा. गोळ्यातल्या समुद्राचा वेग तर त्याने चित्रातही बदलला आहे. ढग पळतात, लाटा उलट्या, खडकावरून पाण्याकडे जातात. मांत्रिक काय करतो हे वेगळं सांगावंच लागत नाही. वेळ उलटी फिरवणं हीच त्याची विद्या आणि कॅमेऱ्याचीही तीच.

आवाजाचं हे गणित समजायला सोपं आहे. आवाज निम्म्या वेगाने वाजवला की दोन गोष्टी एकदम होतात. तो दुप्पट लांबतो आणि एक सप्तक खाली उतरतो, तार षड्जावरून मध्य षड्जावर यावं तसा. चौपट संथ केला तर दोन सप्तकं खाली. वाऱ्याचा किंवा लाटेचा आवाज म्हणजे शेकडो बारीक आवाजांचा एकत्र गोंधळ. ते इतक्या भराभर एकमेकांवर पडतात की कान त्यांना सुटं करू शकत नाही. संथ केल्यावर त्यांच्यात अंतर पडतं आणि जे एकसंध वाटत होतं त्याला शिवणी दिसू लागतात. एप्स्टाइनला यात नवल वाटलं ते याचं की कॅमेऱ्याने स्लो मोशन कधीच शिकून घेतलं होतं. कानाला मात्र ती सोय कुणी करून दिली नव्हती.

आवाज असा घडवावा लागतो याचं दुसरं कारण आणखी व्यवहाराचं आहे. किनाऱ्यावर उभ्या माणसाचा कान निवड करत असतो. लाट ऐकायची तेव्हा वारा मागे सारतो, शेजारचा बोलला की लाट मागे सारतो. मायक्रोफोनला ही अक्कल नसते. समोर येईल ते तो सारखंच टिपतो. म्हणून समुद्राकाठी जाऊन इमानदारीने रेकॉर्डिंग करून आणलं तर घरी येऊन ऐकू काय येतं, तर रेडिओचं स्टेशन चुकल्यावर येते तशी खरखर. जागेचा जो भास मनात राहिला होता तो त्या रेकॉर्डिंगमध्ये नसतो. तो पुन्हा रचावा लागतो. हा एक मुद्दा नीट कळला की वातावरणावर चालणाऱ्या सगळ्या प्रायोगिक लघुपटांचं कुलूप उघडतं. त्यांतलं 'नैसर्गिक' जे काही वाटतं ते बहुतेक वेळा घडवलेलं असतं. जागा सुंदर आहे म्हणून फिल्ममध्ये वातावरण आपोआप उतरत नाही. तसं असतं तर ताडोब्याच्या जिप्सीतून काढलेली प्रत्येक रील थरारक झाली असती.

एकाकी किनारा हा अशा फिल्मांचा जुना मुक्काम आहे आणि त्याला कारण आहे. तिथे क्षितिजाची एक आडवी रेघ मिळते, माणूस एकटा उभा केला की तो लहान दिसतो, आणि लाट सारखी येत-जात असल्याने काही घडत नसतानाही पडदा हलता राहतो. स्वस्तात पुष्कळ काही मिळतं. माया डेरेनने १९४४ साली अमेरिकेतल्या लाँग आयलंडच्या अ‍ॅमागॅन्सेट किनाऱ्यावर 'अ‍ॅट लँड' केली, पंधरा मिनिटांची, पूर्ण मूक. लाटा उलट्या परततात आणि वाळूवर एक बाई टाकून जातात. ती बाई म्हणजे स्वतः डेरेन. ती किनाऱ्यावरच्या वाळक्या लाकडांच्या ढिगावर चढू लागते. हात वर जातो, डोकं वर येतं आणि ते डोकं निघतं थेट एका मेजवानीच्या लांबलचक टेबलाच्या कडेवर. पाय अजून किनाऱ्यावर, डोकं दिवाणखान्यात. टेबलावरून ती सरपटत जाते, दोन्ही बाजूंची माणसं सिगारेट ओढत गप्पा मारत राहतात, तिच्याकडे कुणी बघतही नाही.

हे जमतं कसं? चढण्याची हालचाल पहिल्या शॉटमध्ये सुरू करायची, अर्ध्यात तोडायची आणि दुसऱ्या जागेवरच्या शॉटमध्ये त्याच गतीने, त्याच दिशेने पुरी करायची. आपली नजर हालचालीच्या मागे जाते आणि जागा बदललेली पचवून टाकते. खर्च शून्य. चंद्रपूरच्या पोराने हे करायचं ठरवलं तर वर्धा नदीच्या दरडीवर चढायला लागलेला माणूस जटपुरा गेटच्या परकोटावर डोकं काढू शकतो. मधलं सगळं अंतर प्रेक्षक स्वतःच गिळतो.

आता आपल्या भागाकडे येऊ. चंद्रपूर आणि गडचिरोलीला समुद्र नाही, हे सांगायला नको. पण गडचिरोलीच्या दक्षिण टोकाच्या सिरोंच्याहून अरबी समुद्र सरळ रेषेत साडेसातशे किलोमीटरच्या आसपास, तर बंगालचा उपसागर सव्वातीनशेच्या आसपास. नकाशावर महाराष्ट्र म्हटला की डोळा कोकणाकडे जातो, पण या टोकाचं सगळं पाणी पूर्वेला जातं. वर्धा आणि वैनगंगा चपराळ्याजवळ मिळून प्राणहिता होते, प्राणहिता सिरोंच्याजवळ गोदावरीला मिळते, आणखी खाली सोमनूरला इंद्रावती येऊन मिळते. एप्रिल-मे महिन्यात या नद्यांचं पात्र म्हणजे अर्धा-पाऊण किलोमीटरची रेती, तिच्यात टरबूज-डांगराच्या वाड्या, कडेला उलटा करून ठेवलेला डोंगा आणि पलीकडच्या काठावर तेलंगणा. आडवी रेघ हवी तर ती इथे आहे. एकटा माणूस लहान दिसायला हवा तर तोही दिसतो, आणि उन्हाच्या झळांनी त्याचे पाय जमिनीपासून सुटल्यासारखे होतात, ते फुकट.

पण मला वाटतं, नदीचा किनारा शोधून समुद्राची नक्कल करण्यात फार अर्थ नाही. इथलं खरं द्रव्य जंगल आहे आणि जंगलाची अडचण किनाऱ्याच्या बरोबर उलटी आहे. क्षितिज नसतं. सगळ्या रेघा उभ्या. खोडांमागे खोडं, मध्ये बांबूची रांजी, आणि माणूस चार पावलं गेला की नाहीसा. किनाऱ्यावर सगळं दिसतं आणि काही घडत नाही. जंगलात बरंच काही घडत असतं आणि दिसत नाही. म्हणून जंगलाची फिल्म कानावर अधिक उभी राहते.

मोहाचंच घ्या. मार्चअखेर फुलं गळायला लागतात, ती रात्रीच्या शेवटच्या प्रहरी आणि पहाटे. झाडाखाली वाळका पाला असेल तर रसाळ फूल त्यावर पडताना 'टप्' असा भरीव आवाज येतो आणि पानाचा कुरकुरीत आवाज त्याला चिकटलेला असतो. पण वेचायला सोपं जावं म्हणून पुष्कळ ठिकाणी लोक झाडाखालचा पाला आधीच जाळून टाकतात. मग तेच फूल उघड्या, काळ्या मातीवर पडतं आणि आवाज बसका, जवळजवळ न ऐकू येणारा. (हीच आग पुढे पसरते म्हणून वनखातं पाला जाळू नका म्हणून दर उन्हाळ्यात सांगत असतं. ते वेगळं प्रकरण.) म्हणजे नुसत्या आवाजावरून ओळखता येतं की या झाडाखाली माणूस येऊन गेलाय की नाही. चित्रात माणूस दाखवायची गरजच नाही. अशी एखादी गोष्ट हाताशी असताना पार्श्वसंगीतात बासरी का घालतात, हे मला न उलगडलेलं कोडं आहे. जंगल म्हटलं की बासरी, समुद्र म्हटला की व्हायोलिन. हा नियम कुणी केला देव जाणे.

एप्स्टाइनची युक्ती इथे करून बघायची तर आज फोनवरही बघता येते, दोन गोष्टी सांभाळल्या म्हणजे झालं. एडिटिंगच्या बऱ्याच अ‍ॅपमध्ये वेग कमी केला तरी आवाजाची पट्टी आपोआप मूळचीच ठेवली जाते. तो पर्याय बंद करावा लागतो, नाहीतर सप्तक उतरत नाही, नुसतं ताणल्यासारखं होतं. दुसरी गोष्ट नोंदीच्या दर्जाची. नेहमीच्या रेकॉर्डिंगमध्ये सेकंदाला ४८ हजार नमुने घेतले जातात, त्यात जास्तीत जास्त २४ हजार हर्ट्झपर्यंतचा आवाज मावतो. तो चौपट संथ केला की वरची मर्यादा ६ हजारावर येते आणि आवाज घोंगडीखालून आल्यासारखा मंद होतो. म्हणून संथ करायचंच असेल तर सुरुवातीलाच ९६ हजार किंवा १ लाख ९२ हजार नमुन्यांवर, आणि त्या उंचीचे आवाज टिपू शकणाऱ्या मायक्रोफोनने रेकॉर्ड करावं. याचा एक फायदा अनपेक्षित आहे. माणसाचा कान २० हजार हर्ट्झच्या वर बहिरा असतो, आणि कीटक खाणारी छोटी वटवाघळं बहुतेक त्याच्याच वर ओरडत असतात. जुन्या देवळाच्या गाभाऱ्यात आपल्याला शांतता वाटते तेव्हा तिथे चांगला कल्लोळ चाललेला असतो. त्याचं रेकॉर्डिंग आठ-दहापट संथ केलं की तो ऐकू येतो, चिमण्यांच्या थव्यासारखा. फिल्म करणाऱ्याला याहून अधिक काय पाहिजे?

एकाकी किनाऱ्यावरून निघून थेट आपल्या जंगलाच्या शेजारी येऊन पोचलेला एक दिग्दर्शक होऊन गेला, हे आपल्याकडे फारसं कुणाला ठाऊक नाही. आर्ने सुक्सडॉर्फ, स्वीडनचा, जन्म १९१७. त्याने १९४४ साली बाल्टिक समुद्रातल्या स्तूरा कार्ल्सो या बेटावर 'ट्रूट!' हा लघुपट केला. ट्रूट म्हणजे कुरव पक्ष्याची एक दांडगी जात. कड्यावर दाटीवाटीने राहणाऱ्या दुसऱ्या समुद्रपक्ष्यांची अंडी-पिल्लं हे कुरव पळवतात, एवढीच घटना. पण साल १९४४, युरोप जळत होता, आणि प्रेक्षकांनी त्या कुरवांत नाझी पाहिले. चार वर्षांनी त्याने 'एक दुभंगलेलं जग' असं नाव दिलेली छोटी फिल्म केली, तीत हिवाळ्यातली रात्र, बर्फाचं जंगल, कोल्हा, ससा, घुबड आणि लांबवर एका चर्चमधून येणारं संगीत. संवाद नाहीत. शहरावरच्या त्याच्या १९४७च्या लघुपटाला ऑस्करही मिळालं. स्वीडनच्या सिनेमाचं ते पहिलं ऑस्कर.

हाच माणूस पुढे बस्तरला आला. नारायणपूरजवळच्या गढबेंगाल गावात मुरिया लोकांमध्ये राहून त्याने 'एन जुंगलसागा' ही रंगीत फिल्म केली. १९५७ साली ती प्रदर्शित झाली, पुढच्या वर्षी कानच्या महोत्सवात गेली, संगीत पंडित रविशंकरांचं. इंग्रजी नाव होतं 'द फ्ल्यूट अँड द अ‍ॅरो'. म्हणजे बासरी तिथेही होतीच! नारायणपूरच्या पश्चिमेला अबूझमाड आणि अबूझमाडच्या पश्चिमेला आपलं भामरागड. झाडं तीच, मोह तोच, मुरिया आणि माडिया हे एकाच गोंड कुळातले शेजारी. मधली सीमारेषा कागदावरची. या भागाच्या जंगलाला मोठ्या पडद्यावर वातावरण म्हणून पहिल्यांदा कुणी पाहिलं असेल तर यानेच, असं म्हणायला हरकत नाही.

ही फिल्म लघुपट नाही, सव्वा तासाची आहे, आणि गोष्टही आहे तिच्यात. गावावर बिबट्याची दहशत, देवाचा कोप, शिकार. लोकांना मात्र लक्षात राहिला तो वाघाच्या बछड्यांबरोबर खेळणारा दहाएक वर्षांचा चेंदरू. सुक्सडॉर्फच्या बायकोने, आस्ट्रिडने, त्याच्यावर फोटोंचं पुस्तक काढलं आणि ते देशोदेशी वाचलं गेलं. चेंदरू मंडावी जगात गाजला आणि गावाला परतून गरिबीतच राहिला. २०१३ साली तो वारला तेव्हा बातम्यांना त्याची पुन्हा आठवण झाली. नंतर रायपूरच्या जंगल सफारीत त्याचा पुतळाही उभारला गेला.

सुक्सडॉर्फचं जंगल डोळ्यांचं पारणं फेडतं, यात वाद नाही. पण प्राणी पुष्कळदा पाळलेले, प्रसंग बसवलेले, आणि माणसंही त्या देखाव्यातच ओवलेली. प्राण्याला हवं तसं चालवून घेतलं तर फारसं कुणाचं बिघडत नाही. एप्स्टाइनने वादळ संथ केलं तेव्हाही समुद्राची तक्रार आली नाही. माणसाचा 'मूड' म्हणून वापर केला की मामला बदलतो. आदिवासी गावाचा धूर, बाईच्या गळ्यातल्या माळा, म्हाताऱ्याच्या सुरकुत्या, आणि मागे सुस्कारे टाकणारं संगीत. असे लघुपट आजही बनतात, बक्षिसंही मिळवतात. त्यांत त्या म्हाताऱ्याला काय म्हणायचंय हे कधीच कळत नाही, कारण ते कुणी विचारलेलंच नसतं.

या अडचणीतून वाट काढणारी एक फिल्म मराठी मुलखातच झाली आहे. पायल कपाडियाने पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकताना भीमाशंकरजवळच्या एका गावात 'अँड व्हॉट इज द समर सेइंग' केली, २०१८ सालची, तेवीस मिनिटांची. नामदेव नावाचा माणूस बापाकडून जंगल शिकलाय. मधाच्या शोधात तो झाडांच्या शेंड्यांकडे बघत असतो. दुपार उतरते, वारा सुटतो, जमिनीतून धूर निघतो. आणि गावातल्या बायका त्यांच्या जुन्या, अर्धवट राहिलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात. त्या बायका दिसत मात्र नाहीत. फक्त ऐकू येतात.

ही निवड मला फार हुशारीची वाटते. चेहरा दाखवला असता तर गावात कुणाची कोण हे ओळखलं गेलं असतं आणि बोलणं लगेच बंद झालं असतं. आवाज सुटा केला, तो रिकाम्या घरावर, झाडीवर, धुरावर ठेवला आणि प्रेक्षकाला कळेना की बोलतंय कोण. इथलीच कुणी बाई, गेलेली बाई, की खुद्द ती दुपार? गूढपणा आला तो बाईला लपवून ठेवण्याच्या सौजन्यातून. वातावरण आणि अब्रू दोन्ही एकाच युक्तीने राखली. फिल्म बर्लिनच्या महोत्सवात दाखवली गेली, अ‍ॅम्स्टरडॅमच्या माहितीपट महोत्सवात तिला ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं. पुढे २०२४ साली याच दिग्दर्शिकेच्या 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'ला कानचं ग्रां प्री मिळालं ते सगळ्यांना माहीत आहे. त्या चित्रपटाचा उत्तरार्ध रत्नागिरीच्या किनाऱ्यावर घडतो. छाया कदमने केलेली पार्वती मुंबई सोडून गावी जाते आणि फिल्मचा श्वासच बदलतो. मुंबईतली निळसर रात्र आणि गर्दी जाऊन उन्हाचा पांढरा दिवस, समुद्र, गुहा आणि भरपूर रिकामा वेळ. त्या किनाऱ्याची तयारी भीमाशंकरच्या जंगलात झाली होती, असं दोन्ही फिल्मा लागोपाठ बघितल्या तर जाणवतं.

आपल्याकडे अशा फिल्मांना पैसा कोण देणार, असं विचारलं जातं. साठच्या दशकात तो सरकारने दिला होता. फिल्म्स डिव्हिजनच्या प्रमोद पतींनी १९६८ साली 'एक्स्प्लोरर' केली. सात मिनिटांत नाच, यंत्रं, प्रार्थना, प्रयोगशाळा असं सगळं झपाट्याने आदळतं आणि निवेदन एक ओळ नाही. ती सरकारी निर्मिती होती यावर आज विश्वास बसत नाही. वातावरणाचा संथपणा तिच्यात नव्हता, पण गोष्ट न सांगता फिल्म उभी राहू शकते हे सरकारी खर्चाने सिद्ध झालं होतं.

दुसरा आक्षेप धीराचा. "आपल्या लोकांना इतकं संथ झेपत नाही." हे म्हणणाऱ्याने हिवाळ्यात देसाईगंज-वडशाच्या बाजूला झाडीपट्टीचं नाटक बघायला जावं. धान निघालं की मंडप पडतात. रात्री दहाच्या पुढे पडदा वर जातो तो पहाटे खाली येतो, आणि कानटोपी, घोंगडी, शेंगदाणे घेऊन आख्खं गाव बसून असतं. मान्य आहे, तिथे गाणी आहेत, विनोद आहे, रडारड आहे, आवाज तर कानठळ्या बसवणारा. पण रात्रभर एका जागी बसून काळ अंगावरून जाऊ द्यायची सवय या प्रेक्षकाला जितकी आहे तितकी मल्टिप्लेक्सच्या प्रेक्षकाला नाही. अशा बैठकीत पंधरा मिनिटांचा एखादा बिनशब्दांचा तुकडा कुणी घालून बघितला तर? मला उत्सुकता आहे. कदाचित लोक शिट्ट्या मारतील. कदाचित पावशाचा आवाज ओळखून कुणीतरी त्याची नक्कल करील.

संथपणाचं टोक बघायचं असेल तर इराणच्या अब्बास कियारोस्तामीची 'फाइव्ह' बघावी, २००३ सालची. बहुतेक सारी कॅस्पियन समुद्राच्या काठावर केलेली, पाच लांबलचक दृश्यांची. पहिल्यात लाटेबरोबर एक लाकडाचा ओंडका मागेपुढे होतो आणि त्याचा तुकडा मोडून वेगळा वाहून जातो. चौथ्यात बदकं एका दिशेने जातात आणि थोड्या वेळाने तितक्याच लगबगीने परत येतात. सगळ्यांत विलक्षण आहे ते शेवटचं. जवळजवळ काळोख, पाण्यात थरथरणारा चंद्र, बेडूक, मग गडगडाट, पाऊस, पुन्हा बेडूक आणि पहाट. बघताना वाटतं, बुवाने कॅमेरा लावला आणि झोपायला गेला. प्रत्यक्षात ते अनेक रात्रींची चित्रणं बेमालूम जोडून आणि आवाजांचे थर एकमेकांवर रचून बनवलेलं आहे. अंधारात जोड दिसत नाहीत, हा त्याचा आधार.

हे दृश्य बघताना मला आपली बोडी आठवल्याशिवाय राहिली नाही. चंद्रपूर-गडचिरोलीत गावागणिक मालगुजारांच्या काळातले तलाव आहेत, ज्यांना सरकारी कागदांत माजी मालगुजारी आणि बोलण्यात मामा तलाव म्हणतात. शिवाय शेताशेताला बोड्या, म्हणजे लहान तळी. मृगाचा पहिला मोठा पाऊस पडून गेला की त्या रात्री बेडकांचा जो गदारोळ उठतो त्यात दोन माणसांना एकमेकांचं बोलणं ऐकू येत नाही. काठावर पाऊल वाजलं की जवळचे गप्प होतात, लांबचे चालू राहतात, आणि हळूहळू जवळचे पुन्हा सुरू होतात. आवाजातलं हे भोक सरकत जातं. अंधारात कोण कुठून कुठे चाललंय ते डोळे मिटून सांगता येतं. याचीच दहा मिनिटांची फिल्म होऊ शकते. लागेल काय, तर चांगला रेकॉर्डर, मायक्रोफोनवर वाऱ्यासाठी केसाळ टोपी, पावसासाठी ताडपत्री आणि सापासाठी गमबूट.

व्यवहाराच्या दोन गोष्टी राहिल्या. मे महिन्यात इथे पारा ४५च्या वर जातो तेव्हा उन्हात ठेवलेला फोन तापून स्वतःच बंद पडतो. कॅमेरेही कुरकुरतात. म्हणून दुपारचं वातावरण टिपायचं तरी उपकरण सावलीतच हवं, आणि ओला पंचा बॅटरीवर नको, छत्रीवर. जंगलात शिरायला वनखात्याची लेखी परवानगी लागते, ड्रोन तर व्याघ्र प्रकल्पात उडवूच नये. गडचिरोलीच्या दक्षिण भागात पोलिसांना आधी सांगून ठेवणं शहाणपणाचं. गावात चित्रण असेल तर ग्रामसभेपुढे जाऊन काय करणार ते बोलावं आणि झालेली फिल्म तिथे आणून दाखवावी. ही शेवटची गोष्ट परवानगीच्या कुठल्याच फॉर्मवर नसते.

आणि सिरोंच्याच्या रेतीवर जायचं असेल तर आधी मेडीगड्ड्याची चौकशी करावी लागते. तेलंगणाने गोदावरीवर बांधलेला हा बंधारा जून २०१९ मध्ये सुरू झाला, त्याचं एक टोक आपल्या सिरोंचा तालुक्यात आहे. दारं बंद असली की पाणी मागे फुगतं आणि रेतीचा किनारा, डांगराच्या वाड्यांसकट, पाण्याखाली जातो. वरच्या काही गावांची शेतीही पाण्यात जाते, त्याचं भांडण वेगळं चालू आहे. २१ ऑक्टोबर २०२३ रोजी बंधाऱ्याचे खांब खचले, पाणी सोडून द्यावं लागलं आणि पात्र उघडं पडलं. दुरुस्ती होऊन दारं पुन्हा लागली की तो किनारा नसेल. ज्याला तो हवा आहे त्याने कॅमेऱ्याच्या आधी पाटबंधाऱ्याच्या बातम्या वाचायला लागावं.